मेरीच्या पालखीचा पुढचा दांडा

कोणाला कशाची हौस असावी याला काही कायदा नाही. विनायकला खुर्चीची हौस होती. नोकरी चांगली, बायको सुमेधा त्याच्याहून हुशार, नेदरलँड्समधल्या टिलबर्ग शहरात स्वतःचं घर, मागे हातभर बाग. पण मान नाही. पुण्यात पेठेतल्या मंडळात तो कॉलेजात असल्यापासून पालखीचा पुढचा दांडा धरायचा. पुढचा म्हणजे पुढचा. मागचा कोणीही धरतो, फोटो पुढच्याचा येतो. टिलबर्गच्या मराठी मंडळाचंही अध्यक्षपद त्याने चांगलं भोगलं होतं. मग कोरोना आला, मंडळाची निवडणूक झूमवर झाली आणि विनायक म्यूटवर राहून तळमळीने भाषण करत असताना स्वप्निल निवडून आला. तेव्हापासून विनायक घरून काम करायचा आणि घरातच धुसफुसायचा.

अशा माणसाच्या शेजारी हारीने पक्ष काढला.

हारी म्हणजे भिंतीला भिंत लागून राहणारा डच म्हातारा. जन्मभर बेकरी चालवली, आता गुडघे आणि मतं दोन्ही दुखरी झालेली. विनायक त्याला हरिभाऊ म्हणायचा आणि त्यालाही ते आवडायचं. पक्षाचं नाव 'श्रद्धा आणि माती'. मागण्या सुटसुटीत होत्या: चर्च पाडून फ्लॅट बांधायचे नाहीत, सकाळी सातला घंटा वाजलीच पाहिजे, आपला ब्राबांत प्रांत ब्राबांतच्या कॅथलिकांचा आणि परदेशी माणसं कमी करा. परदेशी म्हणजे मुख्यतः गोदामांत काम करणारे पोलिश. आता गंमत अशी की रविवारी चर्च भरायचं ते या पोलिश लोकांनीच. पक्षाचे निम्मे सभासद लग्नानंतर चर्चची पायरी चढले नव्हते. पण श्रद्धा ही मनात असते, असं हारीचं म्हणणं, आणि माती बुटाला.

विनायकने भीत भीत विचारलं होतं, परदेशी कमी करायचे तर माझं काय. हारी म्हणाला, तुम्ही परदेशी कसले, तुम्ही तर शेजारी. विनायक हवेत तरंगतच घरी आला. सुमेधा लॉजिस्टिक्स कंपनीत ट्रकांचं नियोजन करते, तिला रस्ता कुठे संपतो ते आधी दिसतं. ती एवढंच म्हणाली की त्याला गरज आहे तोवर तू शेजारी.

पक्षाच्या सभा हारीच्या गॅरेजमध्ये. दार उघडं, दीड मीटरवर खुर्च्या, सगळे कोट घालून कुडकुडत बसलेले, नऊला संचारबंदी म्हणून घड्याळाकडे डोळे. प्रत्येकाला एक कप कॉफी, एक बिस्कीट, की डब्याचं झाकण बंद. विनायकचा जीव तळमळला. एका बिस्किटावर कधी चळवळ उभी राहते का हो? पुढच्या सभेला तो बटाटेवडे घेऊन गेला. सुमेधा नको नको म्हणत होती, पण तळले तिनेच. त्याच्या पुढच्या सभेला माणसं दुप्पट आली. हारीला वाटलं, विचार पसरतोय.

मग विनायक पेटलाच. ऑगस्टात मेरीमातेचा सण येतो, त्या दिवशी मिरवणूक काढायची असं त्याने ठरवून टाकलं. बंद पडलेल्या एका चर्चच्या लिलावातून हारीने मेरीची मूर्ती आणली होती, चांगली कंबरेएवढी. तिला विनायकने आपल्या पद्धतीची पालखी केली, एकच लांब दांडा, पुढे-मागे खांदेकरी. गर्दी आवरायला दोन्ही बाजूंनी दोरी, स्वयंसेवकांना दंडाला फिती, सामान वाहायच्या सायकलवर स्पीकर, प्रत्येक कोपऱ्यावर पालखी थांबणार आणि त्या घरच्या बाईने फूल वाहायचं. स्वतः शिट्टी घेऊन पुढून मागे, मागून पुढे पळत राहिला. पुढचा दांडा अर्थात हारीने धरला. पण आदल्या दिवशी त्याने विनायकच्या खांद्यावर हात ठेवून शब्द दिला होता की पुढच्या मिरवणुकीला पुढचा दांडा तुमचा.

दीड वर्ष घरात कोंडलेली माणसं, त्यांना काय, कोणी पत्र्याचा डबा बडवत गेलं असतं तरी बाहेर आली असती. सगळा रस्ता लोटला. एकच अडचण झाली. चर्चच्या फादरनी येणार नाही म्हणून आधीच कळवलं होतं, आणि दुसऱ्याच कोपऱ्यावर प्रार्थना अडली, कारण दोन ओळींपलीकडे कोणालाच काही येईना. तेव्हा विनायकने गर्दीतून सायमनला ओढून पुढे आणलं. सायमन तुस्कानो, मूळचा वसईचा, आइंडहोवनला चिप बनवणाऱ्या यंत्रांवर काम करणारा, सात पिढ्यांचा कॅथलिक. त्याने डोळे मिटले आणि आईने शिकवलेली अख्खी जपमाळ खणखणीत मराठीत म्हटली. म्हाताऱ्या बायका रडायला लागल्या. किती वर्षांनी लॅटिन ऐकलं, असं म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी स्थानिक पेपरात फोटो, आठवडाभरात गॅरेज अपुरं पडायला लागलं. मार्चमध्ये नगरपालिकेच्या निवडणुका होत्या. पाच वर्षं राहिलेल्या परदेशी माणसालाही इथे त्यात मत देता येतं, उभंही राहता येतं. हारीची स्वप्नं वाढली. आणि डिसेंबरच्या सभेत त्याने जाहीर केलं की उमेदवारांच्या यादीत दुसरं नाव सायमनचं असेल, आणि फेब्रुवारीत मेणबत्त्यांच्या सणाला पालखी निघेल तेव्हा पुढचा दांडाही सायमनच धरेल, कारण प्रार्थना म्हणणाऱ्याने पुढे असावं.

विनायक हसून टाळ्या वाजवत होता. आतून पार करपला होता. ज्याला आपण बोट धरून आणलं त्यानेच आपली जागा घ्यावी? शिट्ट्या आम्ही फुंकायच्या, दोऱ्या आम्ही बांधायच्या आणि मान या उपऱ्याला! उपरा हा शब्द त्याच्या मनात आला, आणि त्यात काही चुकतंय असं त्याला मुळीच वाटलं नाही.

यावरचं औषध त्याला पेठेतच मिळालेलं होतं. त्यांच्या मंडळात एक जुना नियम होता: पदाधिकारी आणि पालखीचा मानकरी पेठेत जन्मलेलाच हवा. भाडेकरूंनी वर्गणी द्यावी, कामं करावीत, स्टेजवर येऊ नये. विनायक त्या नियमाच्या आतल्या बाजूला जन्मला आणि आतल्या बाजूलाच मोठा झाला. नियम बाहेरून कसा दिसतो हे त्याने कधी पाहिलंच नव्हतं. सुमेधाने पाहिलं होतं. तिचे वडील, विश्वासराव, वेंगुर्ल्याहून येऊन त्याच पेठेत भाड्याने राहिले. मंडळाचं मखर वर्षानुवर्षं तेच करायचे, आणि उद्घाटनाला रस्त्यावर उभे राहून बघायचे.

विनायकने हारीच्या कानात नियम घातला. पक्ष मातीचा आहे ना? मग उमेदवार आणि मानकरी या गावच्या मातीत जन्मलेलाच पाहिजे. हारी खूश झाला. असा बाणेदार नियम आपल्याला सुचला कसा नाही, असं म्हणाला. घरी सुमेधाला कळलं तेव्हा ती कांदा चिरत होती. ती सुरी खाली ठेवून नवऱ्याकडे बघत राहिली. त्याला वाटलं कांद्यामुळे डोळ्यांत पाणी आलंय.

जानेवारीत उमेदवारीच्या आधी शेवटची सभा झाली. नियम वाचला, हात वर झाले, मंजूर. सायमन उठला, आपली खुर्ची घडी करून भिंतीला लावली, सगळ्यांना शुभ रात्री म्हणाला आणि निघून गेला. चेहऱ्यावर राग नाही, काही नाही. सवय असलेला माणूस जातो तसा गेला. विनायक सरसावून बसला. आता पालखीचं बोलू या, असं म्हणाला.

हारीने घसा साफ केला. "विनायक, पुढचा दांडा आता तुम्हालाही नाही धरता येणार."

"मला? पण नियम मीच तर सुचवला."

"हो. फार चांगला नियम आहे," हारी मनापासून म्हणाला.

विनायकने सभोवार पाहिलं. त्या गॅरेजमध्ये त्याने तळलेले, म्हणजे सुमेधाने तळलेले, वडे खात बसलेल्या एकाही माणसाने मान वर केली नाही. आणि तेवढ्यात खजिनदार बाईंनी सहज, अगदी नोंदीपुरतं, हारीला त्याचं जन्मगाव विचारलं. हारीने सांगितलं, टर्नहाउट. सांगून झाल्यावर त्याला ऐकू आलं. टर्नहाउट सीमेपलीकडे, बेल्जियममध्ये. आईचं बाळंतपण अडलं म्हणून रातोरात तिकडच्या दवाखान्यात नेलं होतं. मग एकेकाला विचारणं आलंच. कोणी शेजारच्या ब्रेडा शहरातला, कोणी लिम्बुर्ग प्रांतातला, एक तर आईच्या माहेरी, पोलंडमध्ये जन्मलेला निघाला. नियमात बसणारी शेवटी दोनच माणसं उरली, आणि ती एकमेकांपासून घटस्फोट घेत होती. उमेदवारी भरायच्या दिवशी दोघांपैकी कोणीच फिरकलं नाही. 'श्रद्धा आणि माती' संपला. चर्चची घंटा पूर्वीसारखीच गप्प राहिली.

विनायक घरी आला तेव्हा सुमेधा पुण्याला व्हिडिओ कॉलवर होती. विश्वासराव आता एकटेच असतात, आजाराच्या धास्तीने दोन वर्षं जिन्याखाली उतरले नव्हते. त्यांनी जावयाला विचारलं, तिकडच्या मंडळाचं काय झालं? विनायकने सांगितलं, मोडलं. मला काढलं, कारण मी इथला नाही. आणि नियम कुठून आणला होता तेही सांगून टाकलं, मान खाली घालून.

म्हातारा म्हणाला, "आणि मूर्ती कुठाय?"

"गॅरेजमध्ये. दार उघडंच असतं."

"या थंडीत? अहो, मंडळ मोडलं म्हणून मूर्ती उघड्यावर ठेवतात का? आधी घरात आणा. बाकीचं राहू दे."

एवढंच. विनायकला त्यांनी दोन शब्द सुनावले असते तर बरं झालं असतं. त्याने सुमेधाकडे पाहिलं. "सुमे, बाबांना किती वर्षं रस्त्यावर उभं केलं आम्ही," तो म्हणाला. ती म्हणाली, आधी सायमनला फोन कर.

शनिवारी सकाळी तिघं गॅरेजमध्ये जमले. हारी, सायमन आणि विनायक. हारी आठवडाभरात वाळला होता. आपणच काढलेल्या पक्षातून आपल्याला काढलं, हे त्याच्या अजून पचनी पडत नव्हतं. विनायकने मूर्तीवरची धूळ पुसली, पालखी नीट बांधली. त्याच्या घरात चपलांच्या कपाटाशेजारी सुमेधाने जागा करून ठेवली होती, आणि मखर कसं करायचं ते विश्वासराव फोनवरून सांगणार होते.

रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. दोरी नाही, शिट्टी नाही, फोटो काढायला कोणी नाही. हारी सवयीने पुढे झाला, मग काही आठवल्यासारखा थांबला आणि बाजूला सरून विनायकला म्हणाला, धरा, मी तुम्हाला शब्द दिला होता.

विनायक दांड्याच्या मागच्या टोकाशी जाऊन उभा राहिला.

"सायमन," तो म्हणाला, "पुढे तू हो. प्रार्थना तुलाच येते."