लूमच्या आवाजात

सकाळपासून माझा जीव थाऱ्यावर नव्हता. कॉलेजच्या हॉलमध्ये चार मोठे स्पीकर लावले होते, समोर तीसेक खुर्च्या, आणि कडेच्या खुर्चीत इस्त्रीचा शर्ट घालून आलेले आमचे आप्पा.

परफॉर्मन्सचा विषय होता ‘मी कोण?’ आप्पा कापडाच्या कारखान्यात लूम चालवतात, तिथल्या खात्यातला खडखडाट पूर्ण आवाजात लावायचा आणि त्यात उभं राहून खरं तेवढंच बोलायचं, अशी माझी कल्पना. कुणाला काही ऐकू जाणार नाही. सरांना ती फार आवडली. मला त्याहून जास्त, कारण मला आप्पांची माफी मागायची होती आणि त्यांना ती कळूही द्यायची नव्हती. पंचवीस वर्षं लूमवर काढून त्यांचे कान गेलेत. घरी आई गॅसपाशी उभी राहून ओरडते, तेव्हा कुठे ते मान वळवतात. म्हणून तर मीच त्यांना आग्रहानं बोलावलं. इतकी मी बनेल!

खडखडाट सुरू झाला. सगळ्यांनी कानांवर हात ठेवले. आप्पा तेवढे निवांत बसले.

मी घरच्या अहिराणीत बोलू लागले. कॉलेजच्या फॉर्मवर वडील कापडाचे व्यापारी असं लिहिलंय, हे सांगितलं. दोन वर्षांपूर्वी आप्पा माझा डबा घेऊन कॉलेजसमोर रस्त्यापलीकडे उभे होते. माझ्या गुजराती मैत्रिणींनी विचारलं, हे कोण? मी म्हटलं होतं, ‘अमारे त्यां काम करे छे.’ आमच्याकडे कामाला आहेत! तेही सांगून टाकलं. खूप हलकं वाटलं.

मग पाहिलं तर आप्पा पुढे सरकून माझ्या तोंडाकडे टक लावून बघत होते. तेव्हा आठवलं. खात्यातला आवाज माझ्या फोनमध्ये रेकॉर्ड करून देताना त्यांच्या शेजारच्या मशीनवरचे लखनकाका म्हणाले होते, “खातामा कान काय कामना? आम्ही तोंड दखीसन बोलतस.” तोंड बघून बोलतात म्हणे! मी घाईत होते, नुसती हसले होते.

आप्पांनी हात वर केला आणि आवाज न काढता, एकेक शब्द सुटा करत ओठ हलवले. “माले माहीत शे. त्या दिनले बी दखं व्हतं.”

त्या दिवशीही बघितलं होतं, रस्त्यापलीकडून! त्यानंतर त्यांनी डबा आणणंच बंद केलं होतं. पाळी बदलली, म्हणाले होते. पाळी तर तीच होती, आणि मी कधी विचारलंही नाही. मला स्वतःची भयंकर लाज वाटली.

अजून सहा मिनिटं बाकी होती. मी जाऊन स्पीकर बंद केले. सर हातानं खुणावत होते, चालू ठेव, चालू ठेव. मैत्रिणी पहिल्याच रांगेत होत्या. मी आप्पांकडे बोट केलं आणि आमच्या घरात बोलतात तितक्या मोठ्यानं, पण गुजरातीत म्हणाले, “आ मारा आप्पा छे. लूम चलावे छे.”

आप्पांनी कानामागे हात धरला.

“काय?”

त्यांची नजर माझ्या ओठांवरच होती. मी आणखी मोठ्यानं सांगितलं.