नकाशावरचा अस्तंबा

योगिताचं लग्न झालं ते १९९३ साल. पत्रिकेवरचं लेकीचं नाव मला वाचता आलं नाही, म्हणून त्याच महिन्यात, वयाच्या बावन्नाव्या वर्षी, मी नवागामच्या प्रौढ वर्गात जाऊन बसलो. शेजारी मारुती. उधन्यात आम्ही दोघं एकाच शेडमध्ये कापड विणायचे लूम चालवायचो, आणि दोघंही सातपुड्याच्या पायथ्याचे.

वर्षभराने शिकवणाऱ्या गायत्रीबेननी देशाच्या डोंगरांचा नकाशा करायला सांगितला. शहरातल्या मोठ्या कार्यक्रमात तो लागणार होता. कागद कशाला, म्हणून आम्ही कोऱ्या कापडाचा तुकडा आणला. मी पुस्तकात बघून कांचनगंगा लिहिलं, नंदादेवी लिहिलं, खाली कळसूबाई. मारुतीने पुस्तक मिटलं आणि सातपुड्यावर अस्तंबा लिहिलं. न बघता त्याने लिहिलेलं ते पहिलं नाव.

तपासायला आलेल्या साहेबांनी त्यावर बोट ठेवलं. यादीत हे शिखर नाही, काढा, नाहीतर नकाशा जाणार नाही.

लूमवरच्या धुळीने मारुतीला दम लागायचा. तो थांबत थांबत म्हणाला, "सायेब, तुम्ही हिमालय देखेल शे का? अस्तंबा मी सतरा दाव चढेल शे. दर धनतेरसले."

साहेब हसले. उंची किती, म्हणाले.

"मोजाले चला."

बेन मला हळूच म्हणाल्या, काका, धुऊन टाका. धुऊन ते गेलंच नसतं. कापडाच्या ताक्याच्या टोकाला शिक्का मारायची शाई होती ती. कापड उकळलं, ब्लीच केलं, तरी राहते. मग वरून ठिगळ लावा, साहेब म्हणाले.

"लावतो," मी म्हणालो. "पण आधी कांचनगंगेवर लावतो. ते आमच्यातल्या कोणी पाहिलेलं नाही."

नकाशा गेला नाही. वर्गात आम्ही चौदा जण, पण दुसरा नकाशा करायला एकही बसला नाही. बेन दोन दिवस आमच्याशी बोलल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी त्यांनीच खिळे आणले आणि तो भिंतीवर ठोकला.

त्या धनतेरसला मारुती अठराव्यांदा निघाला. मी नको म्हटलं, ऐकलं नाही, मग मीही गेलो. अर्ध्या चढावर तो दगडावर बसला. तू जा, म्हणाला, वरून हाक मार. मी मारली.

मारुती श्रीरंग पाटील नवागामच्या खोलीत शुक्रवारी, २० जानेवारी १९९५ रोजी सकाळी वारला.