दोन बोटं जाड

मित्रांनो, मी सुवा शहरातली एक जुनी, तपकिरी सँडल आहे. आम्ही दोघी जुळ्या, पण बोलण्याचा मान माझा, डावीचा; कारण माझा तळ दोन बोटं जाड आहे. बसस्थानकामागे चपला शिवणाऱ्या मुनसामीने मला पेनायासाठी घडवलं. पेनायाचा डावा पाय जन्मापासून आखूड. पण मी पायात असले की टपाल कचेरीतला हा कारकून लुंगीसारखा सुलू नेसून असा ताठ चालतो, की नवख्याला काही कळत नाही. बारा वर्षं हे काम मी चोख केलं आहे.

लेकीच्या, लितियाच्या लग्नात तिला वेदीपर्यंत नेताना लंगडायचं नाही, एवढीच पेनायाची इच्छा होती.

आदल्या दुपारी घरी यांगोनाची बैठक बसली. आम्ही साऱ्या वहाणा दाराबाहेर, सगळ्या तपकिरी. त्या मातकट पेयाच्या वाट्यांवर वाट्या रिचवत तासन्‌तास मांडी घालून बसलं, की पाय आपले राहत नाहीत. संध्याकाळी पेनायाचा मेहुणा वाइसाके उठला आणि आम्हाला घालून चालता झाला. आपण वाकडे चालतोय हे त्याला कळलं, पण दोष त्याने यांगोनाला दिला. सकाळीही चाल वाकडीच. बायको म्हणाली, "अजून उतरली नाही वाटतं." चर्चची घंटा ऐकून मी मात्र कासावीस झाले.

चर्चच्या दारात पेनाया घराबाहेर उरलेल्या सपाट सँडल घालून उभा होता; त्या वाइसाकेच्या आहेत हे त्याला कुठे ठाऊक! तूच तिला घेऊन जा, असं धाकट्या भावाला सांगत होता. लितियाने बापाचा हात सोडला नाही. "ता, लंगडा नाहीतर रांगा. मी तुमच्याबरोबरच जाणार."

पेनायाने एक पाऊल टाकलं आणि तो कलला. आम्हाला घालून पायरीपाशी पोचलेल्या वाइसाकेने ते पाहिलं, मग स्वतःच्या पायांकडे पाहिलं. सगळ्यांची टिंगल करणारा हा माणूस पायरीवर गुडघे टेकून बसला आणि आम्हाला त्याने पेनायाच्या पायांत चढवलं.

"घे दाजी, तुझा पाय माझ्याकडे राहिला होता."

"नीट सांभाळलास ना?"

"मी कसला सांभाळतोय? त्यानंच माझी वरात काढली."

पेनाया ताठ चालला. जरा हळू मात्र चालला. पायामुळे नव्हे, लेकीला पोचवायची त्याला घाई नव्हती.

आता माझा तळ झिजलाय. नवी घ्या, असं कुणीतरी म्हणालं, तेव्हा पेनायाने मला मुनसामीकडे नेलं. मित्रांनो, जुनी वहाण टाकण्याआधी ती कुणाला सावरून धरते, तेवढं बघा. आणि बैठकीतून उठताना जरा पायाखालीही बघत जा.