ताटावरचं नाव

जर्सी छापायला द्यायच्या हुत्या सोमवारी सकाळी, आणि तोहिदच्या पाठीवर ‘चबी’ छापायचं ठरलं हुतं. ठरवलं कुणी? पृथ्वीराजनं. पृथ्वीराज म्हंजे नवव्या गल्लीच्या टीमचा कॅप्टन, त्यो बोलला की झालं, राजारामपुरीतला सिग्नलसुदिक हिरवा हुतोय असं त्याला वाटायचं.

आणि तोहिद गोलकीपर. अंगानं भरल्याला, गालाला हात लावला तर बोट आत जाईल असला. पण बॉलवर पडायचा तर चित्त्यासारखा! दोन वर्सांमागं पृथ्वीराजनं एकदा मैदानात हाक मारली, “ए चबी, बॉल टाक!” झालं. पोरांनी धरलं, मग मॅचच्या माईकवाल्यानं धरलं, मग दवाखान्यातल्या कंपाउंडरनं धरलं. परवा तर रिक्षावाला म्हणला, “चबी, बस की, सोडतो.” त्यो रिक्षावाला तोहिदनं जल्मात बघितला न्हवता.

तोंडावरचं नाव एक वेळ चालतंय हो, ते हवेत जातंय. पण जर्सीवरचं? ते धुतलं तरी जात न्हाय. त्या जर्सीवर टीमचा फोटो निघणार, फोटो चौकात बोर्डावर लागणार, अब्बा रोज त्या चौकातनं दुकानाला जाणार. अब्बांनी लई हौसेनं ठेवल्यालं नाव हुतं तोहिद.

तर शुक्रवारी संध्याकाळी पृथ्वीराजच्या जिन्यात सगळी बसलीती. राजवीरच्या मोबाईलात नावं लिवायचं चाललं हुतं, छपाईवाल्याला त्योच धाडणार हुता. तोहिद सगळी तयारी करून आलता. रातभर मोबाईल घासून त्यानं ह्या शब्दाचं मूळ काढलं हुतं.

“चबी म्हंजे काय ठावं हाय का तुला?” तो पृथ्वीराजला म्हणला. “चब नावाचा मासा हाय. विलायतेतल्या नदीत असतोय. अंगानं गोल, डोकं हे एवढं! त्याच्यावरनं तिकडची माणसं गुबगुबीत माणसाला चबी म्हणाय लागली. लॅटिनमधी तर त्याचं नावच डोक्यावरनं हाय. आणि हीच माणसं अमेरिकेत गेली, तिथं दुसरंच मासं दिसलं, तर त्यास्नी बी चबच म्हणाय लागली! आणि मूळ चब कुठनं आला, तर कुणालाच ठावं न्हाय. असलं बेवारशी नाव तू माझ्या पाठीवर छापतोयस.”

पोरं पृथ्वीराजकडं बघाय लागली. तोहिदला वाटलं, जिंकलं.

“मासा हाय व्हय?” पृथ्वीराज म्हणला. “मग सोपं झालं की. आण जा धरून. आपल्या नदीतला चालंल, गोल आणि मोठ्या डोक्याचा पायजे. आणलास तर जर्सीवर तोहिद. न्हायतर चबी. राजवीर, लिव्ह.”

“आरं पण...”

तेवढ्यात वरनं संयोगिताकाकूंची हाक आली. पृथ्वीराजची आई. “तोहिऽद! पोहं झाल्यात, ये वर. आणि आमच्या त्या येड्याला बी घेऊन ये.”

तोहिद रागात हुता, पण काकूंच्या पोह्यावर राग काढायची पद्धत न्हाय. गेला वर.

शनिवारी सकाळी त्यानं एसटी धरली आणि पन्हाळ्याच्या खालच्या अंगाला, कासारी नदीकाठच्या नानांच्या गावात उतरला. नाना म्हंजे आईचे वडील, मीरासाब. घराला कुलूप हुतं. फाट्यावरच्या माणसाला विचारलं.

“कुणाच्यात आलाय, पावणं?”

“मीरासाबांच्यात.”

“कुठलं मीरासाब? लई हायत.”

“मासं धरत्यात ते.”

“उंबऱ्या व्हय! मग तसं बोला की राव. डोहावर असंल, बसलाय बघा सकाळधरनं.”

डोहावर वाकल्यालं उंबराचं झाड, पिकल्याली उंबरं पाण्यात पडत्यात, टुपुक... टुपुक... आणि खाली नाना. बाजूला त्यांचा जोडीदार आकारामतात्या, तंबाखू मळत. वारा न्हाय, आवाज न्हाय. तोहिदचा अर्धा राग तिथंच उतरला.

“बस खाली,” नाना हळूच म्हणले. “उभा राहू नको, सावली पडती. हे मासं लई भित्रं.”

“आणि ह्याची सावली म्हंजे ढग आल्यागत,” आकारामतात्या म्हणले.

तोहिदनं बसून सगळं सांगितलं. जर्सी, चब, पृथ्वीराज, सगळं एका दमात. नानांनी ऐकलं, एक उंबर घेऊन पाण्यात टाकलं. टुपुक. खालनं एक गोल काळी पाठ वर आली, मोठं डोकं, उंबर गिळलं, गेली.

“हा चालंल का तुझ्या कॅप्टनला?”

“ह्याचं नाव काय?”

“आमच्यात उंबऱ्या म्हणत्यात. उंबराखाली असतोय, उंबर खातोय. दुसऱ्या गावात दुसरं काय म्हणत असतील.”

“आणि तुम्हाला उंबऱ्या म्हणत्यात ते?”

“ते ह्या भाद्दरानं ठेवलं,” नानांनी आकारामतात्यांकडं बोट केलं. “मी सारखा हितं बसायचो म्हणून. माणसाचं नाव माशावरनं, माशाचं झाडावरनं. झाडाचं कशावरनं, ते झाडाला इचार.”

“तुम्हाला राग न्हाय आला?”

“राग कसला? जेवलो की मी.”

तोहिदला काय कळंना. मग आकारामतात्यांनी सांगितलं. ह्या गावात एका नावाची माणसं लई, म्हणून टोपणनावं लई. त्याच्यावरनं पूर्वी डोकी फुटायची. तवा जुन्या माणसांनी एक रीत घातली. नाव ठेवायचं असंल तर खुशाल ठेव, पण त्या गड्याला घरी बोलवून जेवाय घाल. ताट वाढायचं आणि ताटावर त्या नावानं हाक मारायची. गडी जेवला तर नाव लागलं, जल्मभर. ताटावरनं उठला तर नाव पडलं, परत तोंडातनं काढायचं न्हाय.

“माझ्या बायकोनं काय शेंगदाण्याची आमटी केलीती त्या दिवशी,” तात्या म्हणले. “उंबऱ्या कसला उठतोय.”

“दोन वाट्या जास्त पिलो,” नाना म्हणले. मग तोहिदकडं वळले. “तुझ्या कॅप्टननं जेवाय घातलं का?”

“न्हाय.”

“मग नाव लागलंच न्हाय अजून. उगं माशाच्या मागं का लागतोयस?”

तरी मासा धरलाच. तोहिदनंच धरला. गळाला उंबर लावलं, मनगट सैल सोडलं, आणि ओढ लागली तसा बॉल धरल्यागत धरला. नानांनी पिशवीत बर्फ घालून दिला. “मासा आपला, चूल त्याची,” ते म्हणले. “पैजबी फिटू दे आणि रीतबी.”

रविवारी दुपारी तोहिदनं मासा काकूंच्या ओट्यावर ठेवला आणि पृथ्वीराजला रीत सांगितली, राजवीरच्या समोर. पृथ्वीराज हसला. मासा आलाय म्हंजे पैज आपण हरलो, हे त्याला दिसत हुतं, आणि ही रीत म्हंजे आयती पळवाट.

“पैज राहू दे,” तो म्हणला. “रीत तर रीत. आईच्या हातचं कालवण, आणि हा ताटावरनं उठणार? हा?”

खरं बोलला त्यो. काकूंनी मासा तळला, डोक्याचं कालवण केलं, आणि त्या वासानं तोहिद आपसूक ओट्याकडं सरकला. वर ज्वारीची भाकरी, गरम, फुगल्याली. तिघं खाली ताटावर बसली. काकू तव्यापशी, पाठमोऱ्या.

पृथ्वीराजनं मुद्दाम दम घेतला. “घे चबी. जेव.”

तोहिदचा हात ताटावर थांबला.

जेवावं तर नाव जल्माचं. उठावं तर काकूंच्या ताटावरनं उठायचं, त्यांनी उन्हाचं चुलीपशी उभं राहून केल्यालं. त्यांनी काय वाईट केलंय? वाटीतनं वाफ वर येत हुती. राजवीर एकदा ह्याच्याकडं, एकदा त्याच्याकडं बघत हुता.

“भाकरी का मोडंना रं?” काकू वळल्या. “मीठ जास्त झालं का?”

मग राजवीरला दम निघाला न्हाय, त्यानं सगळं ओकलं. गाव, उंबऱ्या, रीत, जर्सी.

काकूंनी ऐकता ऐकता भाकरी उलटली. मग पृथ्वीराजला म्हणल्या, “मग हे पोरगं आज पयल्यांदा जेवतंय व्हय ह्या घरात?”

“तसं न्हाय...”

“पहिलीत असल्यापासनं जेवतंय. किती ताटं झाली त्याची मोजदाद न्हाय. आणि प्रत्येक ताटावर मी तोहिदच म्हणत आलीया. जेवलंय की न्हाय त्या नावानं? रीत रीत म्हणतोस, तर मासा त्यानं आणला, चूल माझी, भाकरी माझी. तू काय केलंस? पाण्याचा तांब्या तरी भरलास का?”

पृथ्वीराज उठला आणि तांब्या भरून आणला. दुसरं करणार काय?

“तोहिद,” काकू म्हणल्या, “जेव. गार होतंय.”

तोहिदनं भाकरी मोडली. पयला घास कसा गेला ते त्याला कळलं न्हाय, डोळ्यात पाणी आलं ते तिखटाचं म्हणून खपून गेलं. राजवीरनं डाव्या हातानं मोबाईल काढला, चबी खोडलं, तोहिद लिहिलं, सगळ्यांना दाखवलं.

पृथ्वीराज मान खाली घालून जेवाय लागला. काकूंनी तव्यावरची भाकरी आणून त्याच्या ताटात टाकली.

“घे रं पिल्लू, काटं बघून खा.”

राजवीरचा घास तोंडातच राहिला. तोहिदनं वर बघितलं. पृथ्वीराजचा हात ताटावर थांबला, अगदी मघाशी तोहिदचा थांबलेला तसाच. लहानपणापासनं ह्या घरात ह्याच नावानं जेवत आलाय गडी!

“आई!” तो म्हणला.

“काय झालं पिल्लू?”

राजवीरचा डावा हात परत मोबाईलकडं निघाला. कॅप्टनची जर्सी, दहा नंबर.

तोहिदनं त्याचा हात धरला. मग आपल्या ताटातला माशाचा मधला तुकडा, ज्यात काटा कमी असतोय त्यो, उचलून पृथ्वीराजच्या ताटात ठेवला.

“छापत न्हाय,” तो म्हणला. “पण जेव की, पिल्लू.”

पृथ्वीराजनं तुकड्याकडं बघितलं, आईकडं बघितलं. आणि जेवला.