रेनाता

प्रणालीने पाळण्याची दोरी सोडली आणि तिसऱ्यांदा बांधली. गाठ आधीचीही पक्कीच होती.

"अगो, किती आवळशील? पोरगी झोपनार हाय त्यात, म्हस बांधायची न्हाय," घुगऱ्यांचं पातेलं उतरवता उतरवता आवडाबाई म्हणाल्या.

बायका हसल्या. प्रणालीनेही आईच्या बोलण्यावर हसल्यासारखं केलं आणि गाठ पुन्हा एकदा ओढून बघितली.

बारसं तिच्या भावाच्या, दिपेशच्या मुलीचं होतं. नाव ठेवायचा मान आत्याचा, आणि या घरात आत्या एकच. मांडव घराच्या पुढ्यात घातला होता. खाडीकाठच्या या खारेपाटात घरापुढे तळं असतं, त्यात जिताडे मासे सोडलेले असतात. दिपेशने आपलं तळं दोन वर्षांपूर्वी बुजवलं. माती अजून नीट बसली नव्हती, म्हणून मांडवाचा एक खांब सकाळपासून कलत होता. जो तो येता-जाता त्याला सरळ करायचा आणि गुपचूप पुढे जायचा.

त्या तळ्यात त्रिशा गेली. दिपेश आणि कल्पिताची पहिली मुलगी, तीन वर्षांची. कल्पिता पोरीला प्रणालीवर सोडून दवाखान्यात गेली होती. तेवढ्यात प्रणालीला फोन आला, नागावच्या होमस्टेतून, जिथे ती स्वयंपाकाला होती. उद्या पाहुणे किती, ताटं किती, एवढंच. दोन मिनिटं म्हणजे काही वेळ झाला का? फोन ठेवून ती वळली तेव्हा पाण्यावर एक लाल चप्पल तरंगत होती.

तिला कुणीच काही बोललं नाही. शिव्या घातल्या असत्या, झिंज्या उपटल्या असत्या तर बरं झालं असतं, असं तिला कितीदा वाटलं. कल्पिताने तर बोलणंच टाकलं. समोरासमोर जेवायला बसल्या तरी, "तिला भात हवाय का विचारा," असं ती सासूला सांगायची. दोन वर्षं एका चुलीवरचं खाऊन दोघींमध्ये एक शब्द नाही.

मग ही झाली. हिच्या कानामागे तीळ निघाला, नेमका त्रिशाला होता तिथेच. आवडाबाईंनी तो सगळ्या आळीला दाखवला. "त्रिशाच माघारी आली, बघा!" कल्पिता ते ऐकायची आणि पोरीला पदराखाली घ्यायची. प्रणालीने मात्र त्या तिळावर सगळा जीव टांगला. ती परत आली असेल, तर ती गेलीच नाही. मग आपल्या हातून काहीच झालं नाही.

नाव तिला होमस्टेच्या स्वयंपाकघरात सापडलं. तिच्यासोबत तिथे कोर्लईची एस्तेलबाय कामाला होती. एस्तेलबायच्या आईचं नाव रेनाता.

"लय जुनं नाव," कोळंबी सोलता सोलता एस्तेलबायने सांगितलं होतं. "लॅटिन. पूर्वी आमचे पाद्री मिस्साची प्रार्थनापन त्याच भाषेत म्हनायचे, आमाला मेलं एक अक्षर कळायचं न्हाय. पन या नावाचा अर्थ आईला ठाऊक होता. पुन्हा जन्मलेली. बाप्तिस्म्याला मुलाच्या डोक्यावर पानी ओततात ना? त्या पान्यातून मानूस नवा होऊन येतो, म्हनून हे नाव. माझ्या आईच्या आधीचं एक मूल गेलेलं. मंग आजीनं हेच धरलं."

प्रणालीचा हात थांबला होता. पाण्यातून! तिने ते नाव बाजाराच्या यादीमागे लिहिलं आणि तो कागद मोबाइलच्या कव्हरात घातला. पंधरा दिवस तो तिथेच होता.

आता बाळ पाळण्याखालून-वरून देऊन झालं, पाळण्यात निजवून झालं. शेजारची जनीकाकू मुठी वळून तयारच होती. आत्या कानात नाव सांगायला वाकली की बायका तिच्या पाठीत बुक्के घालतात. बारशाला निम्म्या बायका त्यासाठीच येतात.

"आत्याबाई, पाठीला तेल लावून आलीस ना?" जनीकाकूने विचारलं.

"आधी नाव तर कळू दे गो," आवडाबाई म्हणाल्या. "काय ठेवतेस?"

"रेनाता."

"अगो बाय! हे कसलं किरिस्तावांचं?"

"लॅटिन हाय, आई." प्रणाली म्हणाली. "पाण्यातून पुन्हा जन्मलेली, असा अर्थ हाय."

बायकांनी एकमेकींकडे बघितलं. मग आवडाबाईंनी पदर डोळ्यांना लावला. "अगदी बरोबर नाव शोधलंस गो," त्या म्हणाल्या आणि बायकांनी माना डोलावल्या. कल्पिता पाळण्याशी बसून त्या कललेल्या खांबाकडे बघत होती. तिने नको म्हटलं नाही, हेच प्रणालीला खूप झालं.

ती वाकली. "कुर्र्र..."

बुक्के पडायला लागले. हलके, हसरे, दोन इकडून, चार तिकडून. मग एक वेगळा पडला. प्रणालीचा श्वासच अडकला. पाठोपाठ दुसरा, तिसरा, त्याच जागी. प्रत्येक बुक्क्याबरोबर बाळंतिणीच्या हिरव्या चुड्याचा आवाज येत होता. बायकांचं हसू हळूहळू विरलं. बाकीचे हात मागे गेले. हातांचा तो एकच जोड थांबेना.

"अगो कल्पिता, पुरे! काय करतेस?" जनीकाकू ओरडली.

दिपेश दारातून धावत आला आणि मध्येच उभा राहिला. प्रणालीने मान वळवली नाही. पाळणा हलू नये म्हणून तिने दोन्ही हातांनी त्याची कड धरून ठेवली होती.

शेवटी चुडा थांबला.

"ती आली न्हाय, प्रणाली," कल्पिता धापा टाकत म्हणाली. "ती गेली. कुनी परत येत न्हाय. ही दुसरी हाय, पहिल्यांदाच आलीय. हिला हिचं नाव दे."

"वहिनी..."

"दे. मान तुझा हाय, तूच दे."

प्रणाली पुन्हा वाकली. पोरगी डोळे उघडून तिच्याकडे टकामका बघत होती. "कुर्र्र," प्रणाली म्हणाली. पाठ जळत होती, बायका थांबल्या होत्या. आळीतल्या, शाळेतल्या, होमस्टेच्या पाहुण्यांच्या किती पोरींची नावं तिला पाठ होती. आता एकही आठवेना. दोन वर्षांत तिने एकदाही न उच्चारलेलं एकच नाव तेवढं ओठांवर येत होतं, आणि ते बाहेर पडू नये म्हणून तिने ओठ दातांखाली दाबून धरले.