सिंकखालचं कपाट

जावई आला की त्याला घरातल्या सगळ्यात ऊबदार कोपऱ्यात बसवायचं, कोंबडीच्या दोन्ही तंगड्या त्याच्याच वाडग्यात वाढायच्या आणि त्याला इकडची काडी तिकडे करू द्यायची नाही. जेचॉन या कोरियन शहरातला हा शिरस्ता बोंगनिमबाई कसोशीनं पाळत. त्यात त्यांचा जावई मुनग्यू चष्म्याच्या दुकानातला, हात लोण्यासारखे मऊ. ह्याला काम सांगून तरी काय फायदा, असं त्यांचं मनातल्या मनात चाले.

आज मात्र तो पाहुणचाराला आला नव्हता. बोंगनिमबाईंची एकुलती एक लेक दाउन बाळंत झाली होती आणि उद्या दवाखान्यातून सुटणार होती. तिला माहेरी आणायचं की बाळंतिणींची काळजी घेणाऱ्या केंद्रात ठेवायचं, हे ठरवण्यासाठी मुनग्यू घर बघायला आला होता. बोंगनिमबाईंनी बाळंतिणीला द्यायच्या सूपासाठी समुद्री शेवाळ आणून ठेवलं होतं, दुपटी धुतली होती. आणि नेमका आजच, फरशीखालून गरम पाणी फिरवून घर तापवणारा बॉयलर बोंबलायला लागला.

आधी धडधड, मग किटली उकळावी तसा घूंऽऽ आवाज, आणि मध्येच आतून कुणी हातोडा हाणावा तसा ठोका.

"हे रोजचंच का, आई?"

"छे हो! आज जरा अंगात आलंय त्याच्या. तुम्ही बसा, रताळं खा गरम गरम. सकाळी दुरुस्तीवाला येऊन गेला. दारातूनच बघितलं मेल्यानं आणि म्हणाला, म्हातारा झालाय, बदला. पण मला सणानंतरच जमेल."

"या आवाजात बाळ झोपायचं नाही," मुनग्यू हळूच म्हणाला. "आणि फरशी गार राहिली, तर दाउनला केंद्रातच ठेवावं लागेल."

बोंगनिमबाईंनी रताळ्यांची ताटली त्याच्यापुढे आणखी सरकवली.

मुनग्यू उठला. त्यानं स्वयंपाकघरातला गरम पाण्याचा नळ सोडला. बॉयलर पेटला, पण गुपचूप, शहाण्या मुलासारखा. नळ बंद करून त्यानं खोल्या तापवायचं बटण दाबलं, तर पुन्हा बोंब सुरू.

"म्हणजे खोट बॉयलरमध्ये नाही. फरशीखाली पाण्याला जायला वाट मिळत नाहीये."

त्यानं मोजे काढले आणि तो अनवाणी घरभर फिरला. बोंगनिमबाईंच्या खोलीत पाय भाजत होते. दाउनच्या खोलीत पाय टाकला आणि बर्फासारख्या गार फरशीवरून त्यानं तो झटकन मागे घेतला.

तोवर बोंगनिमबाई सिंकखालच्या कपाटाला पाठ लावून उभ्या राहिल्या होत्या. आत प्रत्येक खोलीच्या पाइपाची वेगळी चावी होती. लेक सासरी गेली तसं त्यांनी आपली खोली सोडून बाकी सगळ्या चाव्या आवळून टाकल्या होत्या. रिकाम्या खोल्यांसाठी गॅस जाळायला त्यांना वेड नव्हतं लागलं! गल्लीतल्या एकट्या राहणाऱ्या साऱ्याच बायका तेच करत. लेकीला मात्र फोनवर रोज सांगायचं, घरभर अशी ऊब आहे की घाम फुटतोय. काल बोंगनिमबाई चाव्या उघडायला गेल्या, तर एकही हलेना. म्हणून एका खोलीची ऊब घरभर पसरेल या आशेनं त्यांनी बॉयलरची उष्णता शेवटपर्यंत वाढवून ठेवली होती.

"आई, जरा बाजूला व्हा."

"तिथं काही नाही, किमचीच्या लोणच्याचे डबे आहेत! आणि जावयानं सिंकखाली शिरायचं? शेजारीण गावभर करेल."

"तिला सांगा, लष्करात असताना जावयानं बंदूक कमी आणि बराकीतला बॉयलरच जास्त सांभाळला."

बोंगनिमबाई आजवर त्याला सरहद्दीवर पहारा देताना डोळ्यांपुढे आणत आल्या होत्या. त्यांना हसू फुटलं, आणि तेवढ्यात तो आत शिरलाही.

आवळलेल्या चाव्या आता त्याच्या डोळ्यांसमोरच होत्या. आता विचारणार, आता विचारणार, म्हणून त्या जीव मुठीत धरून उभ्या. त्यानं काहीच विचारलं नाही. फक्त गरम पाण्यात पिळलेलं फडकं आणि थोडं तेल मागितलं.

फडकं चावीला गुंडाळून तो थांबला. मग जरा पुढे, जरा मागे, पुन्हा थांबला. कुठे जोर नाही, कुठे घाई नाही. लहान मुलाच्या कानामागे चष्म्याची काडी बसवावी, तसे त्याचे हात चालले होते. एकेक चावी सैल झाली. मग त्यानं पाइपाला नळी लावून ती बादलीत सोडली. पाइप खोकले, फुसफुसले, हवा गेली आणि काळं पाणी आलं. पाण्याच्या वाटेतली गाळणी गाळानं गच्च भरली होती, ती त्यानं जुन्या टूथब्रशनं घासून लखलखीत केली. बोंगनिमबाई बघतच राहिल्या. या माणसाला आपण लोण्याचा गोळा समजत होतो!

बॉयलर पुन्हा पेटला. दोघंही कान टवकारून उभे. नुसती हलकी गुणगुण ऐकू येत होती. बऱ्याच वेळानं बोंगनिमबाईंनी दाउनच्या खोलीत फरशीवर तळहात टेकला. फरशी कोमट झाली होती.

दाउनचा फोन आला. बॉयलर बिघडल्याचं ऐकून तिनं विचारलं, "काय झालं होतं रे?"

"काही नाही, पाइपात हवा अडकली होती," मुनग्यू म्हणाला. तोंडाला सगळा काळा गाळ. "घरभर ऊब आहे. उद्या इकडेच यायचं आपण."

फोन ठेवल्यावर तो बोंगनिमबाईंकडे न बघताच म्हणाला, "आई, आता या चाव्या बंद करायच्या नाहीत. दाउन परत गेली तरीसुद्धा."

त्यांनी होकाराची मान हलवली. डोळे भरून आले होते आणि ते लपवायची त्यांना आज गरज वाटली नाही.

हातपाय धुऊन मुनग्यू सवयीनं ऊबदार कोपऱ्यात जाऊन बसला.

"तिथं काय बसलास?" बोंगनिमबाईंनी त्याच्या मांडीवर ओलं फडकं टाकलं. "ऊठ, दाउनच्या खोलीची फरशी पुसून घे. आणि जेवताना तंगडी एकच मिळेल. दुसरी मी खाणार आहे."

मुनग्यूनं बाह्या सरसावल्या, गुडघे टेकले आणि हसत हसत पुसायला घेतलं.