सरकवलेले ठिपके

सरकारी अहवाल गावात कुणी वाचत नाही, हा राजश्रीचा नेहमीचा अनुभव. पुण्याच्या एका संशोधन संस्थेकडून तिनं वनखात्यासाठी शिरूर-दौंडच्या उसातल्या बिबट्यांचा अभ्यास केला होता. छापील अहवाल पंचायतीत पोचल्यावर तो समजावून द्यायला ती भीमेकाठच्या एका वस्तीवर आली, आणि एसटीच्या थांब्यावर स्वतःच्याच नकाशाचा भलामोठा फ्लेक्स बघून चाट पडली. अभ्यासातल्या एका मादीच्या गळ्यात तिची जागा कळवणारा पट्टा होता. ती जिथं जिथं फिरली, तिथं लाल ठिपके. कोपऱ्यात माजी सरपंच सोपानरावांचा हात जोडलेला फोटो. आपल्याकडं फ्लेक्सला काय, नुसतं निमित्त लागतं.

एरवी ती हसली असती. पण सगळ्यात दाट ठिपके सोपानरावांच्या घरावर होते, आणि ते खरे नव्हते.

म्हणजे तशी रीतच असते. खरी जागा छापली की कुणी फासे लावतं, कुणी ऊस पेटवतं. म्हणून छापताना सगळे ठिपके थोडे बाजूला सरकवायचे, आणि शेवटच्या पानावर बारीक इंग्रजीत तसं नमूद करायचं. राजश्रीनं ते ओढ्याच्या पलीकडून अलीकडं आणले होते. ती बारीक ओळ इथं कोण वाचणार होतं?

सोपानरावांच्या घराला कुलूप होतं. शेजारच्या सारजाबाई म्हणाल्या, "ते समदे गेले की वड्यापल्याड, कांद्याच्या शेडवर. फ्लेक्स लागला तवाच."

राजश्रीनं ओढा जवळजवळ पळतच ओलांडला.

ऊन उतरत होतं. शेडच्या तिन्ही अंगांना उभा ऊस. कुत्रं पोत्यांच्या मागं अंग चोरून बसलं होतं, नवखं माणूस बघूनही भुंकलं नाही. उसाच्या कडेला कडुलिंबाला झोळी बांधली होती, आणि तीत सोपानरावांची नात अक्षदा झोपली होती.

"या म्याडम, या!" सोपानराव खुशीत पुढं आले. "तुमच्या पुस्तकानं लेकरू वाचलं बघा. हितं येक ठिपका न्हाई."

"आबा, आधी पोरीला आत घ्या."

"का वं?"

खरी जागा कुणाला सांगायची नाही, असं तिनं सही करून कबूल केलं होतं. चुलीत जाऊ दे ती सही, असं म्हणून तिनं सगळं सांगितलं आणि मोबाइलवर खरा नकाशा उघडला. बोटांनी मोठा केला. शेड दिसली, लिंब दिसला. ठिपके लिंबाखालीच होते, रोज दुपारचे. आजच्या दुपारचासुद्धा.

सोपानरावांनी आधी लिंबाकडं पाहिलं, मग उसाकडं.

अक्षदाची आई, सोपानरावांची सून नकुशी हातातली पाटी ठेवून जवळ आली होती. "दुपारी मी पल्याडच्या रानात कांदा काढत असती," ती हळू आवाजात म्हणाली. "तिथनं झोळी हलताना दिसायची. वारं नसायचं. मला वाटायचं, मामा झोका देत्यात."

"म्या तर दुपारचा नदीवर असतो, मोटरीपाशी," सोपानराव म्हणाले. "मला वाटलं, तूच असशील पोरीजवळ."

आता सगळ्यांनाच भीती वाटत होती, आणि ती लपवायचं भान कुणाला नव्हतं. नकुशीनं धावत जाऊन पोरीला उचललं. अक्षदाच्या अंगावर ओरखडासुद्धा नव्हता. झोळीच्या कापडाला मात्र ओल्या जनावरासारखा उग्र वास येत होता.

"म्याडम," नकुशी म्हणाली, "तुमचं लेकरू ह्या झोळीत आसतं, तर कुठं सरकवले आसते वं ठिपके?"

नकुशी उत्तरासाठी थांबलीच नाही. पोरीला पदराखाली गच्च धरून ती बांधावरनं ओढ्याकडं निघाली. मागून सोपानरावांनी हाक मारली, पण तिनं वळून पाहिलं नाही. वारा पडलेला होता, आणि उसातली सळसळ तिच्या बरोबरीनं ओढ्याकडं सरकत होती.